घटक ४ : पारिभाषिक संज्ञेचा अर्थ आणि वापर – ‘रेडिओ मार्गनिर्देशन’ या संज्ञेच्या आधारे

४.० उद्दिष्टे

या घटकाच्या अभ्यासानंतर आपणांस पारिभाषिक संज्ञेचा अर्थ तिच्या व्युत्पत्तीत नसून व्याख्येत असतो, हे उदाहरणांसह स्पष्ट करता येईल. एखाद्या परभाषिक संज्ञेसाठी सुचविलेले मराठी पर्याय लक्षणदोषांच्या कसोटीवर तपासता येतील. आणि अशी संज्ञा वाक्यात वापरताना तिचे सामान्यरूप, लिंग व अर्थव्याप्ती यांचा विचार करता येईल.

४.१ प्रास्ताविक

विद्यार्थी मित्रहो, मागील घटकात आपण परिभाषा म्हणजे काय, ती घडविण्याची तत्त्वे कोणती आणि भाषा संचालनालयाने १९६० पासून या क्षेत्रात केलेले कार्य यांचा परिचय करून घेतला. तत्त्वे वाचताना ती सोपी वाटतात. ‘संज्ञा अल्पाक्षरी असावी, नेमकी असावी, संदिग्ध नसावी’ हे कोणासही मान्य होईल. अडचण येते ती प्रत्यक्ष एखादी संज्ञा हाती घेतल्यावर. म्हणून या घटकात तत्त्वांची उजळणी न करता आपण एकाच संज्ञेचा आणि तिच्या भोवतालच्या शब्दपरिवाराचा मागोवा घेणार आहोत.

ही संज्ञा मराठीच्या पाठ्यपुस्तकात शोभणारी नाही, असे प्रथमदर्शनी वाटेल. तिची निवड का केली, हे सांगण्यासाठी एक प्रसंग नमूद करतो. काही वर्षांपूर्वी कोकणातील एका अभ्यासकेंद्रावर माझी संपर्कसत्रे होती. तेथील एक विद्यार्थी मासेमारी करणाऱ्या कुटुंबातला होता. ‘तंत्रज्ञान आणि माझा व्यवसाय’ या विषयावरील स्वाध्यायात त्याने लिहिले होते, ‘आमच्या नौकेवर जीपीएस आहे. त्यामुळे उपग्रह नौकेवर लक्ष ठेवतो आणि आम्ही कोठे आहोत ते किनाऱ्यावर कळते.’ मी ‘उपग्रह’ या शब्दाचे लेखन दुरुस्त केले, विरामचिन्हे सुधारली आणि गुण दिले. स्वाध्याय परत देण्यापूर्वी इलेक्ट्रॉनिक्स शिकविणाऱ्या एका सहकाऱ्याच्या दृष्टीस ते पान पडले. ते म्हणाले, “भाषा ठीक आहे हो, पण हे वाक्य खरे समजून हा मुलगा समुद्रावर गेला तर?”

त्या वाक्यात व्याकरणाचा एकही दोष नव्हता. दोष संज्ञेच्या अर्थात होता, आणि भाषेचा शिक्षक असूनही तो माझ्या लक्षात आला नव्हता. या प्रसंगाकडे आपण पुढे पुन्हा येऊ.

४.२ आधी संकल्पना, मग शब्द

समुद्रावर, आकाशात किंवा अनोळखी भूप्रदेशात प्रवास करणाऱ्यास काही प्रश्नांची उत्तरे सतत हवी असतात. मी आत्ता कोठे आहे? माझे तोंड कोणत्या दिशेस आहे? मला जायचे ते ठिकाण किती दूर आहे? वाटेत अडथळा आहे काय? या प्रश्नांची उत्तरे मिळवून प्रवास इच्छित मार्गाने नेणे म्हणजे ‘नॅव्हिगेशन’. ती उत्तरे ताऱ्यांकडून मिळतात, होकायंत्राकडून मिळतात, किनाऱ्यावरील दीपस्तंभाकडून आणि ओळखीच्या डोंगराकडूनही मिळतात. जेव्हा ती रेडिओलहरींच्या साह्याने मिळविली जातात तेव्हा त्या प्रक्रियेस ‘रेडिओ नॅव्हिगेशन’ ही संज्ञा लागू होते.

येथे ‘रेडिओ’ शब्दाकडे थोडे थांबून पाहू. आपल्या बोलण्यातला रेडिओ म्हणजे गाणी आणि बातम्या ऐकविणारा संच. त्याच अर्थाने मराठीत ‘नभोवाणी’ हा शब्द रूढ झाला. नभोनाट्य, नभोवाणीकेंद्र हे शब्दही आले. पण रेडिओ मार्गनिर्देशनात कोणाची वाणी ऐकू येत नाही. तेथे ‘रेडिओ’ म्हणजे संच नव्हे, कार्यक्रमही नव्हे, तर एका विशिष्ट प्रकारची विद्युत्‌चुंबकीय लहर. अर्थात ‘नभोवाणी’ हा सुंदर शब्द ‘रेडिओ’च्या एका अर्थाचा पर्याय आहे, शब्दाचा नव्हे. ‘नभोवाणी मार्गनिर्देशन’ असे कोणी लिहिले तर प्रत्येक शब्द मराठी असूनही अर्थ शून्य होईल. १९६१ मध्ये स्थापन झालेल्या वैज्ञानिक तथा तांत्रिक शब्दावली आयोगाने जगभर रूढ झालेले काही शब्द जसेच्या तसे ठेवावेत असे तत्त्व मांडले. त्याच्या उदाहरणांत ‘रेडिओ’ आणि ‘रडार’ हे दोन्ही शब्द आहेत. या निर्णयामागे केवळ सोय नसून अर्थाचा विचारही आहे, हे यावरून ध्यानात यावे.

आता व्याख्येकडे वळू. आंतरराष्ट्रीय दूरसंचार संघाच्या नियमांत या क्षेत्रातील संज्ञांची मांडणी मोठी बोलकी आहे. तेथे सर्वांत वर एक व्यापक संज्ञा आहे. तिला या पाठापुरते आपण ‘रेडिओनिर्धारण’ म्हणू. रेडिओलहरींच्या प्रसरणगुणांचा उपयोग करून एखाद्या वस्तूचे स्थान, वेग किंवा अन्य वैशिष्ट्ये जाणून घेणे, हा तिचा आशय. हे निर्धारण मार्गनिर्देशनासाठी केले, त्यात अडथळ्याची सूचना मिळविणेही आले, तर ते ‘रेडिओ मार्गनिर्देशन’. मार्गनिर्देशनाखेरीज अन्य हेतूने केले तर त्यास वेगळी संज्ञा आहे. तिला ‘रेडिओ स्थाननिर्धारण’ म्हणता येईल.

अर्थविज्ञानाच्या अभ्यासकास ही मांडणी ओळखीची वाटेल. ‘फूल’ हा व्यापक शब्द आणि ‘मोगरा’, ‘झेंडू’ हे त्याच्या पोटातले, तसाच हा अधिनाम-उपनाम संबंध आहे. परंतु मोगरा आणि झेंडू यांतला भेद रंग-गंध-आकाराचा आहे. येथे दोन उपसंज्ञांमधला भेद यंत्राचा नाही, लहरींचाही नाही. तो प्रयोजनाचा आहे. जहाजाच्या शिडाडीवर फिरणारे रडार समोरचा खडक किंवा दुसरे जहाज दाखविते तेव्हा ते मार्गनिर्देशनाचे साधन. त्याच तत्त्वावर चालणारे उपकरण हातात धरून महामार्गावरील पोलीस मोटारीचा वेग मोजतात तेव्हा ते मार्गनिर्देशन नव्हे, कारण त्या मोजणीने मोटारचालकास वाट सापडत नाही. पावती मात्र मिळते.

४.३ ‘नॅव्हिगेशन’चे मराठी पर्याय आणि लक्षणदोष

भारतीय तर्कशास्त्रात लक्षणाचे, म्हणजे व्याख्येचे, तीन दोष सांगितले आहेत : अव्याप्ती, अतिव्याप्ती आणि असंभव. तर्कशास्त्राच्या अभ्यासात गाईचे उदाहरण देतात. ‘कपिल वर्णाची ती गाय’ म्हटले तर पांढऱ्या गाई सुटतात, ही अव्याप्ती. ‘शिंगे असलेली ती गाय’ म्हटले तर म्हैसही आत येते, ही अतिव्याप्ती. ‘एका खुराची ती गाय’ म्हटले तर एकही गाय सापडणार नाही, हा असंभव. गळ्याखाली लोंबणारी कातडी हे गाईचे खरे लक्षण. हे दोष व्याख्येसाठी सांगितले असले तरी पारिभाषिक पर्याय तपासण्यासही ते उत्तम उपयोगी पडतात, कारण प्रत्येक पर्यायी संज्ञा ही एक आखूड केलेली व्याख्याच असते. ‘नभोवाणी मार्गनिर्देशन’ हे असंभवाचे उदाहरण आपण वर पाहिलेच.

‘नॅव्हिगेशन’ हा शब्द लॅटिनमधील ‘नाविस’ म्हणजे जहाज आणि ‘आगेरे’ म्हणजे चालविणे, नेणे, यांपासून आला. लॅटिन ‘नाविस’ आणि संस्कृत ‘नौ’ ही एकाच घरातील भावंडे आहेत. आपल्या कोळीवाड्यांतून ऐकू येणारा ‘नाखवा’ हा शब्दही त्याच कुळातला, फक्त वाट वेगळी : फारसी ‘नाखुदा’, म्हणजे नावेचा स्वामी, त्याचा हा मराठी अवतार. तेव्हा व्युत्पत्तीला धरून ‘नौकानयन’ हा पर्याय सुचणे अगदी स्वाभाविक होते. जोवर नेण्याजोगी वस्तू जहाजच होती तोवर तो नेमकाही होता.

पुढे विमाने आली, क्षेपणास्त्रे आली, आणि आज रिक्षाचालकाच्या हातातील मोबाइलवरही ‘नॅव्हिगेशन’ चालू असते. इंग्रजी शब्दातले जहाज केव्हाच बुडाले. इंग्रजी बोलणाऱ्यास त्यात जहाज दिसत नाही. आपल्या परंपरेत अशा शब्दास ‘योगरूढ’ म्हणतात. ‘पंकज’ म्हणजे चिखलात जन्मलेले. पण चिखलातला बेडूक पंकज होत नाही, आणि काचेच्या भांड्यात उगवलेले कमळही पंकजच राहते. मराठी ‘नौकानयन’ मात्र अद्याप योगरूढ झालेला नाही. त्यातील नौका जिवंत आहे, तरंगते आहे. म्हणून ‘मोटारीचे नौकानयन’ वाचताच हसू येते. ही अव्याप्ती होय. ‘नौवहन’ या शब्दाची स्थिती आणखी गुंतागुंतीची आहे. हिंदी लेखनात उपग्रहांच्या संदर्भात तो ‘नॅव्हिगेशन’साठी वापरलेला आढळतो, तर मुंबईतील नौवहन महासंचालनालयाच्या नावात त्याचा अर्थ जहाजवाहतूक असा आहे. एका शब्दावर दोन खात्यांचा भार टाकू नये.

मराठी वृत्तपत्रांनी ‘दिशादर्शन’, ‘दिशादर्शक उपग्रह’ हे शब्द रूढ केले. कानाला ते गोड आहेत आणि वाचकास ते लगेच कळल्यासारखे वाटतात. मात्र ‘कळल्यासारखे वाटणे’ हा परिभाषेतला सर्वांत फसवा गुण आहे. दिशा दाखविणे हे होकायंत्राचे काम. रस्त्यावरील पाटीही दिशा दाखविते. या दृष्टीने ‘दिशादर्शन’ अतिव्याप्त आहे. उलट बाजूने पाहा : उपग्रहांचे संकेत घेणारा साधा संच हातात धरून एका जागी स्थिर उभे राहिले, तर तो आपले अक्षांश-रेखांश सांगेल, पण आपले तोंड उत्तरेकडे आहे की दक्षिणेकडे, हे त्यास सांगता येणार नाही. आपण चालू लागलो म्हणजे एका स्थानाहून दुसऱ्या स्थानाकडे झालेल्या हालचालीवरून तो दिशा काढतो. मोबाइल उभ्या जागी दिशा दाखवितो तो उपग्रहामुळे नव्हे, तर त्यात बसविलेल्या चुंबकीय संवेदकामुळे. म्हणजे ज्याला आपण ‘दिशादर्शक’ म्हणतो त्या उपग्रहाकडून मूलतः मिळते ते स्थान. दिशा ही त्यावरून काढलेली गोष्ट.

माझ्या मते ‘मार्गनिर्देशन’ हा पर्याय त्यातल्या त्यात निर्दोष आहे. त्यात वाहनाचा प्रकार गृहीत नाही, आणि व्याख्येचा गाभा असलेले प्रयोजन त्यात व्यक्त होते. केवळ स्थान कळण्यापुरता विषय असेल तेथे ‘स्थाननिश्चिती’ लिहावे. ‘मार्गदर्शन’ हा शब्द शिक्षक आणि पुढारी यांनी आधीच व्यापलेला असल्यामुळे तो येथे वापरता येत नाही, ही त्याची अडचण.

४.४ ‘रेंज’ : एक शब्द, दोन अर्थ

शब्दशः भाषांतराचा धोका समजून घेण्यासाठी याच परिवारातील ‘रेंज’ हा शब्द पाहू. ‘रडार’ ही आद्याक्षरी संज्ञा आहे. तिच्या विस्तारातील शेवटचा शब्द ‘रेंजिंग’, म्हणजे अंतर मोजणे. रडारने पाठविलेली लहर वस्तूवर आदळून परत येते. लहरीचा वेग सेकंदाला सुमारे तीन लाख किलोमीटर असल्याने जाण्यायेण्यास लागलेल्या वेळावरून अंतर काढता येते. येथे ‘रेंज’ म्हणजे अंतर, हे स्पष्ट आहे.

विमानांना वाट दाखविणाऱ्या एका प्रसिद्ध साधनाच्या नावातही हाच शब्द येतो : ‘व्हीएचएफ ओम्नीडायरेक्शनल रेंज’, संक्षेपाने व्हीओआर. एखादा दक्ष अनुवादक रडारच्या आधारे येथेही ‘अंतर’ किंवा ‘पल्ला’ लिहील, आणि चुकेल. व्हीओआर अंतर सांगतच नाही. केंद्रापासून आपण कोणत्या दिशारेषेवर आहोत, एवढेच ते सांगते. अंतरासाठी त्याच्या जोडीला डीएमई हे निराळे उपकरण बसवावे लागते.

मग नावात ‘रेंज’ कोठून आला? याचे उत्तर समुद्रावर आहे. बंदरात शिरणाऱ्या नौकेस सुरक्षित वाट कळावी म्हणून किनाऱ्यावर दोन खुणा किंवा दोन दिवे मागेपुढे उभारतात. ते दोन्ही एका रेषेत दिसले की नौका योग्य वाटेवर आहे असे समजावे. अमेरिकी इंग्रजीत या जोडीस ‘रेंज’ म्हणतात. टेकडीचे टोक आणि देवळाचा कळस एका रेषेत धरून जाळ्याची जागा ओळखणारा आपला मच्छीमार नेमके हेच करीत असतो.

१९२० च्या दशकाच्या अखेरीस अमेरिकेत विमानांसाठी हीच कल्पना रेडिओलहरींनी साकार करण्यात आली आणि तिला ‘रेडिओ रेंज’ हे नाव पडले. तिची रचना भाषेच्या विद्यार्थ्यास विशेष आवडावी अशी आहे. केंद्राच्या एका बाजूस मोर्स लिपीतील ‘ए’ हे अक्षर प्रक्षेपित होई, म्हणजे एक आखूड आणि एक लांब ध्वनी. दुसऱ्या बाजूस ‘एन’, म्हणजे एक लांब आणि एक आखूड. एकाच्या ध्वनीच्या जागी दुसऱ्याचा विराम येई, अशी त्यांची जुळणी केलेली असे. वैमानिक मार्गाच्या एका अंगास सरकला तर त्यास ‘ए’ ठळक ऐकू येई, दुसऱ्या अंगास सरकला तर ‘एन’. तो बरोबर मधल्या वाटेवर असला म्हणजे दोन्ही अक्षरे परस्परांतील पोकळी भरून काढीत आणि कानात एकच अखंड सूर घुमत राही. चिन्हे लोप पावली की वाट सापडली! सोस्यूरच्या ‘भेद म्हणजेच अर्थ’ या विचाराची याहून श्राव्य साक्ष मला तरी ठाऊक नाही.

या साधनापासूनच ‘रेंज’ हा शब्द व्हीओआरकडे वारसाहक्काने आला. सुरक्षित वाटेची रेषा हा त्याचा अर्थ. आपल्या रोजच्या मराठीत ‘इथे रेंज नाही’ म्हणताना अभिप्रेत असतो तो मोबाइल-संकेताचा पल्ला, हा आणखी तिसरा. एका शब्दाचे इतके अर्थ असताना ‘रेंज = अमुक’ असा कोशातला एकच पर्याय सर्वत्र चिकटविणे किती धोक्याचे आहे, हे वेगळे सांगावयास नको. अशा ठिकाणी ‘व्हीओआर’ ही आद्याक्षरे तशीच ठेवून पहिल्या उल्लेखात ‘विमानास केंद्रापासूनची दिशारेषा सांगणारे रेडिओ साधन’ असे स्पष्टीकरण जोडणे, हा मार्ग मी पत्करीन. त्यात मराठीचा पराभव नाही.

४.५ ‘रडारवर येणे’ : परिभाषेतून व्यवहारात

‘रडार’ हे नाव १९४० मध्ये अमेरिकी नौदलाने स्वीकारले. त्यापूर्वी ब्रिटनमध्ये या तंत्रास ‘आरडीएफ’ म्हणत. या अक्षरांचा ‘रेडिओने दिशा शोधणे’ असा अर्थ लावला जाई, आणि ते तंत्र तर आधीपासून सर्वांस ठाऊक होते. त्यामुळे अंतरही मोजता येते ही गुप्त गोष्ट झाकलेली राही. संज्ञा अर्थ सांगण्यासाठी असते तशी कधी लपविण्यासाठीही असते!

मराठीत हा शब्द आज निराळ्याच क्षेत्रात अधिक दिसतो. ‘अनेक बडे अधिकारी तपास यंत्रणेच्या रडारवर’ यासारखे मथळे आपण नित्य वाचतो. येथे मुख्यार्थाचा बाध होऊन ‘संशयित म्हणून नजरेत असणे’ हा लक्ष्यार्थ घेतला जातो; ही लक्षणा आहे. मूळ यंत्रास मात्र संशय येत नाही. समोर पक्ष्यांचा थवा असो, पाऊस असो की विमान, लहर परत आली एवढेच त्यास कळते. लाक्षणिक प्रयोगाने शब्दात पाळतीचा भाव शिरला, आणि तो भाव या परिवारातील इतर शब्दांकडेही पाझरला. ‘गाडीला जीपीएस लावला आहे’ हे वाक्य आपण कोणत्या अर्थाने बोलतो? चालक कोठे जातो ते मालकास कळते, या अर्थाने. स्थाननिश्चितीची संज्ञा पाळतीची संज्ञा झाली. माझ्या विद्यार्थ्याच्या वाक्याचे मूळ येथे आहे.

४.६ ‘नाविक’ : नाव आणि नाम

भारताच्या प्रादेशिक उपग्रह-मार्गनिर्देशन प्रणालीच्या मालिकेतील सातवा उपग्रह २८ एप्रिल २०१६ रोजी सोडण्यात आला. त्या प्रसंगी पंतप्रधान नरेंद्र मोदी यांनी प्रणालीस ‘नाविक’ हे नाव दिले. ‘नॅव्हिगेशन विथ इंडियन कॉन्स्टेलेशन’ या इंग्रजी शब्दांच्या आद्याक्षरांतून ते सिद्ध होते. अक्षरांतून शब्द निघाला की शब्द ठरवून अक्षरे जुळविली, याविषयी वाचकाने आपला तर्क करावा; माझा कल दुसऱ्या बाजूस आहे. काही झाले तरी नाव समर्पक आहे. इंग्रजी ‘नॅव्ह’ आणि संस्कृत ‘नौ’ यांचे जुने नाते त्यात नकळत पुन्हा जुळले.

मराठी लेखकापुढे मात्र एक पेच उभा राहतो, कारण ‘नाविक’ हे मराठीत आधीपासून सामान्यनाम आहे. ‘नाविकाने संकेत दिला’ म्हणजे कोणी दिला? गमतीची गोष्ट अशी, की आपल्या भाषेने हा पेच स्वतःच सोडविला आहे. जुन्या, रुळलेल्या शब्दास विभक्तिप्रत्ययापूर्वी सामान्यरूप होते : नाविक – नाविकाने, गगन – गगनात. नव्याने आलेल्या, नाव म्हणून वापरलेल्या शब्दास ते बहुधा होत नाही : नाविक – नाविकने. विमानतळ प्राधिकरण आणि इस्रो यांनी उभारलेल्या ‘गगन’ या प्रणालीचेही तसेच. ‘गगनात’ पक्षी असतात. त्रुटी असली तर ती ‘गगनमध्ये’ असते. एका स्वराच्या असण्यानसण्याने माणूस आणि यंत्रणा वेगळे होतात. म्हणून ‘नाविकाने नाविकच्या साह्याने नौकेचे स्थान जाणले’ हे वाक्य विचित्र दिसले तरी संदिग्ध नाही. लिंगाचा निर्णय अद्याप झालेला नाही. ‘जीपीएस लावला’, ‘जीपीएस लावले’ अशी दोन्ही रूपे कानी पडतात. ‘प्रणाली’ हा शब्द जोडून ‘नाविक प्रणाली कार्यान्वित झाली’ असे लिहिल्यास प्रश्न मिटतो.

ही प्रणाली भारत आणि त्याच्या सीमेपलीकडील सुमारे १५०० किलोमीटरपर्यंतच्या प्रदेशासाठी आहे. तिचे उपग्रह सुमारे ३६,००० किलोमीटर उंचीवर असतात. प्रत्येक उपग्रह आपले स्थान आणि संकेत निघाल्याची अचूक वेळ अखंड प्रक्षेपित करीत राहतो. हा संकेत पृथ्वीवर पोहोचण्यास साधारण सेकंदाचा आठवा भाग लागतो. आपल्या हातातील संच किमान चार उपग्रहांचे संकेत ऐकतो, त्यांच्या वेळांतील फरकावरून अंतरे काढतो आणि स्वतःचे स्थान ठरवितो. घड्याळ सेकंदाच्या दहा लाखाव्या भागाने चुकले तर अंतर ३०० मीटरने चुकते. म्हणून उपग्रहावर अणुघड्याळे असतात. जुलै २०१३ मध्ये सोडलेल्या पहिल्या उपग्रहावरील तिन्ही अणुघड्याळे २०१६ मध्ये निकामी झाली. उपग्रह कक्षेत होता, त्याचे प्रक्षेपक चालू होते, पण मार्गनिर्देशनासाठी तो निरुपयोगी ठरला. रेडिओ शिल्लक होता, वेळ हरवली होती. ४.२ मधील व्याख्या येथे पुन्हा पाहा.

वरील परिच्छेदातील क्रियापदांकडे आता लक्ष द्या. उपग्रह ‘प्रक्षेपित करतो’, संच ‘ऐकतो’, ‘काढतो’, ‘ठरवितो’. उपग्रह पाहत नाही. संच काही पाठवीत नाही. जगात त्या क्षणी किती संच ऐकत आहेत, हे उपग्रहास कळत नाही. दीपस्तंभास कोणत्या नौकेने आपणांस पाहिले हे कळत नाही, तसेच. गाडीच्या मालकास ठावठिकाणा कळतो तो गाडीत बसविलेल्या निराळ्या, मोबाइल-जाळ्यातून संदेश पाठविणाऱ्या भागामुळे. जहाजावरही आपले स्थान इतरांस कळविण्यासाठी स्वयंचलित ओळख यंत्रणा किंवा ट्रान्सपाँडर ही स्वतंत्र उपकरणे लागतात. ती नसतील तर ‘जीपीएस आहे’ याचा अर्थ ‘मला माझे स्थान कळते’ एवढाच. ‘माझे स्थान इतरांस कळते’ असा नव्हे. वादळात या दोन वाक्यांमधले अंतर फार मोठे असते.

सहकाऱ्यांनी लक्ष वेधल्यावर मी त्या विद्यार्थ्यास दूरध्वनी केला आणि हे सर्व समजावून सांगितले. त्याने शांतपणे ऐकले. पुढील सत्रास आला तेव्हा म्हणाला, “सर, मी बाबांना विचारलं. त्यांना ठाऊक होतं. ते म्हणाले, अरे, तो डबा बोलत नाही, फक्त ऐकतो. म्हणून तर वायरलेस वेगळा ठेवलाय.” मराठीत या उपकरणास ‘ग्राहक’ म्हणावे, ‘ग्राही’ म्हणावे की ‘अभिग्राही’, यावर मी अनेक चर्चा ऐकल्या आहेत. ‘ग्राहक’ दुकानात जातो ही त्यातली जुनी हरकत. त्या तांडेलाच्या ‘फक्त ऐकणारा डबा’ या वर्णनात अव्याप्ती नाही, अतिव्याप्ती नाही आणि असंभवही नाही.

४.७ एका उताऱ्याचे संस्करण

खालील वाक्ये आपल्या अभ्यासासाठी रचली आहेत : ‘दिशादर्शक उपग्रहाच्या रडारवर नौका सतत राहते. नाविकाच्या रेंजमध्ये असलेल्या प्रत्येक नौकेची माहिती उपग्रहास मिळत असल्याने मच्छीमार आता सुरक्षित आहेत.’

पहिल्या वाक्यात ‘रडार’ लाक्षणिक की वाच्य, हे कळत नाही, आणि या प्रणालीत रडार मुळीच नाही. ‘दिशादर्शक’विषयी आपण पाहिले. ‘नाविकाच्या’ या रूपाने प्रणालीचा माणूस झाला. ‘रेंज’च्या जागी ‘सेवाक्षेत्र’ हवे. सर्वांत गंभीर चूक ‘उपग्रहास मिळत असल्याने’ यात आहे; माहितीचा प्रवाह उलटा दाखविला गेला, आणि त्यावरून काढलेला सुरक्षिततेचा निष्कर्ष निराधार ठरला. संस्करण असे करता येईल : ‘नाविक प्रणालीच्या सेवाक्षेत्रातील नौकेस, योग्य संच असल्यास, उपग्रहांच्या संकेतांवरून स्वतःचे स्थान निश्चित करता येते. ते स्थान किनाऱ्यास कळविण्यासाठी नौकेवर स्वतंत्र संदेशयंत्रणा असणे आवश्यक आहे.’ दुसरा उतारा पहिल्याइतका आकर्षक नाही, हे मान्य. पण त्यावर विसंबून समुद्रात जाता येईल.

स्वयं-अध्ययनासाठी प्रश्न

१. ‘नौकानयन’, ‘दिशादर्शन’ आणि ‘मार्गनिर्देशन’ या पर्यायांची लक्षणदोषांच्या आधारे तुलना करा.

२. ‘रेडिओ मार्गनिर्देशन’ आणि ‘रेडिओ स्थाननिर्धारण’ यांतील भेद प्रयोजनाचा आहे, या विधानाचे आपल्या परिसरातील एक उदाहरण देऊन विवेचन करा.

३. नाविक, गगन, रडार, कागद, मोबाइल या शब्दांची तृतीया व सप्तमीची रूपे लिहा. कोणत्या शब्दांस सामान्यरूप होते व कोणत्या शब्दांस होत नाही, याचे कारण आपल्या शब्दांत मांडा.

क्षेत्रीय कार्य

आपल्या व्यवसायात किंवा शेजारच्या एखाद्या व्यवसायात वापरले जाणारे एक उपकरण निवडा. ते रोज हाताळणाऱ्या तीन व्यक्तींना ‘हे काय करते?’ एवढाच प्रश्न विचारून त्यांची उत्तरे त्यांच्याच शब्दांत लिहून घ्या. त्यानंतर त्या उपकरणाची परिभाषा कोशातील संज्ञा शोधा आणि दोन्हींची तुलना करून सुमारे ३०० शब्दांत टिपण लिहा. बोलीतील शब्द ‘शुद्ध’ करू नयेत.